एका हाकेला ओ

मागच्याच्या मागच्या रविवारची गोष्ट. दुपारची जेवणं झाली होती, भांडी सिंकमध्ये तशीच, आणि मी पेपरची पुरवणी तोंडावर घेऊन दिवाणाच्या खाली सतरंजीवर आडवी झाले. वर दिवाणावर आई झोपलेली. तिचं मोतीबिंदूचं ऑपरेशन झाल्यापासून ती आमच्याकडे डोंबिवलीलाच आहे, आणि तिच्या डोळ्यांतल्या थेंबांच्या वेळांवर सध्या आमचं अख्खं घर चालतं. पंखा टकटक करत होता, शेजारच्यांचा कुकर शिट्टी देणार देणार म्हणून नुसता फुसफुसत होता, आणि पुरवणीतलं राशिभविष्य वाचता वाचता त्यातली अक्षरं भलतंच काहीतरी सांगायला लागली. म्हणजे मला आठवतंय की त्यात लिहिलं होतं, कन्या राशीने लॉकरची चावी विहिरीत टाकू नये, आणि मला ते अगदी पटलं होतं. तेवढ्यात हाक आली. “बेबे!”

स्वच्छ. स्वयंपाकघराच्या दाराकडून, डाव्या अंगाने. बाईचा आवाज होता की पुरुषाचा ते आता सांगता येत नाही, पण त्या आवाजातला किंचित वैताग मात्र अजून कानात आहे. पहिल्या हाकेला कुणी ओ दिली नाही की दुसऱ्या हाकेत येतो ना, तसा. मी “ओ!” म्हणून एवढ्या जोरात ओरडले की उठून बसतानाच पुरवणी फाटली. छाती धडधडत होती. मुलगा हेडफोन लावून समोरच बसला होता, त्याने मान पण वर केली नाही. नवरा मोबाईलमधून डोकं काढून म्हणाला, “कुणाला ओ दिलीस?”

“तू हाक नाही मारलीस?”

“मी तुला बेबी म्हणेन का?”

तेही खरंच. चव्वेचाळीस वर्षांच्या, बँकेत सिनिअर म्हणवणाऱ्या बाईला बेबी कोण म्हणणार. हे नाव आता जगात फक्त दोन माणसं वापरतात, एक आई आणि एक थोरली आत्या. आत्या पुण्याला, आई वर दिवाणावर तोंड उघडं टाकून घोरत होती. बाकी ज्यांनी ज्यांनी हे नाव वापरलं ते सगळे फोटोत गेले. मी उठून उगाच स्वयंपाकघरात जाऊन आले. सिंकमधली भांडी होती तशीच होती.

मुलाने संध्याकाळी मोबाईलवर शोधून मला निदान करून दिलं. हिप्नॅगॉजिक हॅल्युसिनेशन. हल्लीची पोरं आईला भास झाला तर घाबरत नाहीत, त्याचं स्पेलिंग सांगतात. झोप लागताना डोळ्यांपुढे चित्रं येतात, आवाज येतात, त्याला हे नाव, आणि हा शब्द फ्रान्समधल्या आल्फ्रेड मोरी नावाच्या माणसाने १८४८ साली पाडला. स्वतःच्या नावाने हाक ऐकू येणं हा त्यातला अगदी सरसकट आढळणारा प्रकार आहे म्हणे. ब्रिटनमध्ये जवळजवळ पाच हजार लोकांना विचारून १९९६ साली एक अभ्यास छापून आला, त्यात ३७ टक्के लोकांनी झोप लागताना असे काही ना काही भास होतात म्हणून सांगितलं. “म्हणजे तू नॉर्मल आहेस,” मुलगा म्हणाला, आणि मला उगाच थोडं वाईट वाटलं.

नॉर्मल असेल. पण मी ओ दिली होती, आणि माझ्या आजीने मला सात जन्म पुरेल एवढं बजावून ठेवलं होतं की एका हाकेला ओ द्यायची नाही.

कोकणात ज्यांचं बालपण गेलंय त्यांना हे सांगायला नको. रात्री दिवे मालवल्यावर बाहेरून कुणी हाक मारली तर गप्प पडून राहायचं. दुसरी येऊ द्यायची. तिसरी आली की मग ओ. कारण माणूस तीनदा हाक मारतो, ‘ते’ एकदाच मारतं. आजी ‘ते’ म्हणायची, नाव घ्यायची नाही. यावर तिची एक गोष्ट ठरलेली होती, आमच्या वाडीतल्या एका गड्याची. मृगाचा पहिला पाऊस लागला, पऱ्याला पाणी आलं, की रात्री चढणीचे मासे धरायला जायचं हे ठरलेलंच असतं. तर त्याला त्याच्या जोडीदाराने अंगणातून हाक मारली, चल रे. एकच हाक. हा झोपेतून उठला, डोक्यावर इरलं घेतलं, कोयता कमरेला लावला, चूड पेटवली आणि निघाला. जोडीदार पुढे, हा मागे. पुढचा माणूस काही बोलेना, मागे वळून बघेना, आणि याची चूड एवढ्या पावसात विझेना. चालता चालता पऱ्या मागे पडला, शीव मागे पडली. कोंबडा आरवला तेव्हा हा सड्यावर एकटाच उभा, पायात एक वहाण, आणि सकाळी जोडीदार म्हणतो मी तर रात्री तापाने फणफणलो होतो, घरातून बाहेर पाय नाही टाकला. इथे आजी थांबायची आणि आम्ही पोरं माजघरातल्या गोधडीत एकमेकांना आणखी चिकटायचो. तो गडी पुढे मेला का, असं मी एकदा विचारलं होतं. “मरतो कशाला? परवा नाही का आपल्याकडे नारळ पाडायला आला होता?” मला त्या गोष्टीत सगळ्यात जास्त हेच आवडायचं.

आता विचार केला तर आजीचा नियम केवढा पक्का होता बघा. अर्धवट झोपेतला भास एकदाच हाक मारतो. कारण त्या हाकेनेच आपण खडबडून जागे होतो, आणि जागं झालेल्या माणसाला दुसरी हाक ऐकू येणार कुठून? म्हणजे दुसरी आलीच तर बाहेर खरंच कुणीतरी उभं आहे, पाहुणा असेल, शेजारणीच्या पोटात दुखत असेल, उठायला हवं. आजीने मोरीचं नाव ऐकलं नव्हतं (तिच्या मोरीत फक्त आंघोळ व्हायची) पण भास कुठला आणि माणूस कुठला हे ओळखायची युक्ती तिच्याकडे होती, आणि ती फुकट होती.

दुपारी मात्र हा नियम लागू होतो का, हे तिला विचारायचं राहिलं.

तसं बघितलं तर आमच्या घरात सगळ्यांचंच झोपेशी काही ना काही वाकडं आहे. नवऱ्याला झोप लागता लागता दार धाडकन आपटल्याचा आवाज येतो, वर्षातून दोनतीनदा. तो उठून सेफ्टी डोअर बघून येतो, गॅस बघून येतो, दुखत वगैरे काही नाही, नुसता आवाज. त्याला म्हणे एक्सप्लोडिंग हेड सिंड्रोम म्हणतात. एवढ्या निरुपद्रवी गोष्टीचं एवढं भयंकर नाव! आणि माझं म्हणाल तर मी वीस वर्षं लोकलमध्ये झोपतेय. सकाळची फास्ट, लेडीज डबा, ‘कुठे उतरणार’ विचारून विचारून ठाण्याला चौथी सीट मिळते, म्हणजे अर्धं बूड आत आणि अर्धं बाहेर, आणि त्या अर्ध्या बुडावर मी कुर्ल्यापर्यंत झोपते. ती काही झोप नसते खरं तर. बायकांच्या गप्पा ऐकू येत असतात पण त्यांचे अर्थ बदललेले असतात. कुणीतरी भाजीचा भाव सांगतं आणि मला तो खातेनंबर वाटतो. आणि मग ते होतं, पायरी चुकल्यासारखं, पाय सटकन खाली जातो आणि अख्खं अंग दचकतं. एकदा मी अशी दचकून समोरच्या बाईच्या हातातली अबोलीची वेणी उडवली होती. दहातल्या सहासात जणांना हे कधी ना कधी होतं असं म्हणतात, पण त्या बाईला हे कोण सांगणार. तिने पार मस्जिदपर्यंत माझ्याकडे डोळे वटारून बघितलं.

पण या सगळ्यात मला धरून ठेवलं ते एका वेगळ्याच गोष्टीने. लहानपणी मे महिन्यात आम्ही काजूच्या बिया गोळा करायचो. दिवसभर खाली मान, पाचोळा बाजूला सारायचा, करडी बी दिसली की उचलायची, बोंडू पिळून फेकायचा. हाताला चीक, कपड्यांना डाग, आईचा मार. आणि रात्री डोळे मिटले की बिया. पाचोळ्यात बिया, एकामागून एक, हात पुढे केला की हाताशी येतील अशा. मला वाटायचं हे फक्त मलाच होतं. नंतर बँकेत लागल्यावर सुरुवातीच्या दिवसांत डोळे मिटले की चेकचे नंबर सरकायचे, तेव्हाही कुणाला बोलले नाही. तर अमेरिकेत रॉबर्ट स्टिकगोल्ड नावाच्या संशोधकाने याच गोष्टीवर काम केलं, २००० साली ते छापून आलं. त्याने लोकांना टेट्रिस खेळायला लावलं, तो वरून ठोकळे पडणारा व्हिडिओ गेम, आणि झोप लागताना त्यांना उठवून विचारलं काय दिसतंय. ठोकळे पडताना दिसतायत, बरेच जण म्हणाले. यात आश्चर्य काही नाही. पण त्याने यात काही असे पेशंटही घेतले होते ज्यांची नवीन आठवण साठवायची सोयच मेंदूतून गेलेली होती. त्यांना रोज गेम नव्याने शिकवावा लागायचा, काल आपण खेळलो हे त्यांना ठाऊकच नसायचं. आणि त्यातल्याही काहींना झोप लागताना ठोकळे दिसले. हे काय आहे, कुठून आलंय, त्यांना सांगता येईना. नुसते आकार वरून खाली येतायत.

हे वाचल्यावर मी बराच वेळ हातातला चहा तसाच धरून बसले होते.

छातीवर बसणारं जे असतं ते माझ्या वाट्याला एकदाच आलं. दादरला पेइंग गेस्ट राहायचे, बँकेच्या परीक्षेचा अभ्यास, रात्री दोनदोन वाजेपर्यंत जागरण, आणि कॉट एवढी अरुंद की उताणंच झोपावं लागे. पहाटे जाग आली तर हात हलेना. खोली दिसतेय, खुंटीवरची माझीच ओढणी दिसतेय, खालच्या रस्त्यावर दुधाच्या क्रेट आपटल्याचा आवाज येतोय, आणि पायथ्याशी कुणीतरी बसलंय. गादी तेवढ्या जागी दबलेली मला जाणवत होती. मग ते वर सरकलं. ओरडायला जाते तर घशातून हवा पण नाही. भीमरूपी म्हणायला लागले मनातल्या मनात, तर ‘वज्रहनुमान मारुती’च्या पुढे एक शब्द आठवेना. किती वेळ गेला कुणास ठाऊक, नंतर वाचलं की हे काही सेकंदांचं किंवा फार तर मिनिटा-दोन मिनिटांचं काम असतं. स्वप्न पडतात त्या झोपेत आपलं शरीर मुद्दाम लुळं करून ठेवलेलं असतं, नाहीतर स्वप्नातली मारामारी आपण शेजारच्याशी करू, आणि कधी कधी डोळे आधी जागे होतात, अंग मागे राहतं. जागरण, ताण, उताणं झोपणं, सगळं माझ्याकडे हजर होतं. तेव्हा मात्र मी एसटीडी बूथवरून गावी फोन लावून रडले होते. आईने पुढच्या आठवड्यात येणाऱ्या माणसाबरोबर आजीचा अडकित्ता पाठवला, उशाखाली ठेव म्हणून. ठेवला. पुन्हा काही झालं नाही. परीक्षा पण संपली होती म्हणा, पण अडकित्त्याचं श्रेय अडकित्त्याला.

कॅनडातल्या न्यूफाउंडलंड भागात याच प्रकाराला म्हातारी बसली म्हणतात. जपानमध्ये कानाशिबारी म्हणतात, धातूने जखडल्यासारखं. हेन्री फ्युसेलीने १७८१ साली काढलेलं एक चित्र आहे, पांढऱ्या कपड्यातली बाई पलंगावर उलटी ओघळलेली आणि तिच्या छातीवर एक बुटकं ध्यान उकिडवं बसलेलं. मुलाने ते मला मोठं करून दाखवलं. ते ध्यान मला ओळखीचं वाटलं नाही. माझ्या छातीवर जे होतं त्याला तोंड नव्हतं, नुसतं वजन होतं.

आमचे बाबा हायस्कूलमध्ये संस्कृत शिकवायचे. भुतंखेतं त्यांना चालायची नाहीत, आजीची गोष्ट सुरू झाली की ते ओटीवरून खाकरायचे. पण एकदा त्यांनी मला बृहदारण्यकातलं एक वाक्य सांगितलं होतं, ‘सन्ध्यं तृतीयं स्वप्नस्थानम्’. माणसाला राहायच्या जागा दोन, हे जग आणि पलीकडचं, आणि तिसरी त्यांच्या सांध्यावरची, स्वप्नाची. त्या सांध्यावर उभं राहिलं की दोन्हीकडचं दिसतं. मी म्हटलं, मग आजी पण तेच सांगते की, उंबऱ्यावर बसू नको, तिन्हीसांजेला झोपू नको, शिवेवर थांबू नको. बाबा हसले होते. ते क्वचित हसायचे, म्हणून लक्षात आहे. दुपारी जेवून ते ओटीवरच्या आरामखुर्चीत बसायचे, डोळे मिटलेले, पुस्तक छातीवर उपडं, आणि ते झोपलेत की जागे आहेत हे घरात कुणालाही कळायचं नाही. पोरं पायऱ्या न वाजवता परसात पळायची. आणि त्या खुर्चीतून, डोळे न उघडताच, हाक यायची. पाणी. चष्मा. ती खिडकी लावा. कोण बोंबलतंय तिकडे.

मला ‘बेबे’. आईला नुसतं ‘अगं’. आईचं नाव मी त्यांच्या तोंडून एकदाही ऐकलेलं नाही.

बाबांना जाऊन अकरा वर्षं झाली. रविवारच्या त्या हाकेनंतर मी दोनतीन दिवस त्यांचा आवाज आठवायचा प्रयत्न केला आणि मला तो आला नाही. शब्द आठवतात, खाकरणं आठवतं, आवाज येत नाही. जागेपणी येतच नाही. ते टेट्रिसवाले पेशंट माझ्या डोक्यातून जाईनात ते यामुळे असेल. आईला काही बोलले नाही. ऑपरेशन झालंय, डोळ्याला ताण नको, रडणं तर नकोच, असं मी स्वतःला कारण दिलं.

मग परवाची रात्र. रात्री झोपताना आईच्या डोळ्यात थेंब घालायचे, त्यावर ते भोकाभोकांचं प्लॅस्टिकचं झाकण लावून वरून टेप चिकटवायची, झोपेत हात जाऊ नये म्हणून. मी तिच्या सोबतीला हॉलमध्येच झोपते. दोन वाजले असतील, झिरोचा बल्ब चालू होता, मी जागीच होते. हल्ली मध्येच जाग येते. आणि आई एकदम म्हणाली, “आले हो, आले.” आवाज तिचा नेहमीचा नव्हता, बारीक होता, लगबगीचा. मी बघते तर ती उठून बसलेली, एका डोळ्यावर झाकण, दुसरा अर्धा मिटलेला, हाताने पदर शोधतेय, अंगावर गाऊन आहे हे विसरून, आणि पाय जमिनीवर चपला चाचपडतायत.

मी तिचा हात धरला. “आई, कुणी नाही. झोप.”

“हाक मारली.”

“कुणी नाही मारली गं.”

“मारली की.” ती आता बरीचशी जागी झाली होती पण पाय अजून हलत होते.

मला काय सुचलं कुणास ठाऊक. “किती वेळा मारली?”

तिने माझ्याकडे त्या एका डोळ्याने बघितलं. सासूचा नियम तिलाही माहितीच होता, त्याच घरात चाळीस वर्षं काढलीत तिने. “एकदाच,” ती म्हणाली. “दुसऱ्यांदा मारायची वेळ मी कधी येऊ दिली का? दुसऱ्या हाकेला गेलं की ताटावर बसायचे नाहीत. नाही बसले तर मग कुणीच नाही.”

हे तिने तक्रारीच्या सुरात नाही सांगितलं. डाळ किती वेळ भिजवायची हे सांगावं तसं सांगितलं. मला एकदम ओटीवरचं झाकलेलं ताट आठवलं, आणि स्वयंपाकघरात चुलीपाशी गुडघ्यांत डोकं घालून बसलेली आई, मी शाळेतून आले होते आणि भूक लागली होती आणि कुणी काही बोलत नव्हतं. कितवीत होते मी? तिसरी, चौथी. त्या रविवारी मी एवढी धडपडून का उठले, पुरवणी फाटेपर्यंत, भांडी घासलेली नाहीत म्हणून स्वयंपाकघरात का डोकावून आले, ते मला तिथे सतरंजीवर बसल्या बसल्या कळलं. का कळल्यासारखं वाटलं असेल. आणि तरीही खरं सांगते, तो आवाज पुन्हा ऐकायला मिळाला असता तर हवा होता. वैतागासकट.

“पाणी हवं असेल त्यांना,” आई म्हणाली.

मी म्हणणार होते की अगं बाबा कुठे आहेत. नाही म्हटलं. ती भिंतीला धरत धरत स्वयंपाकघरात गेली, मी मागे मागे, तिने दिवा पण लावला नाही, माठाचा आवाज आला, तांब्या भरल्याचा, वर भांडं उपडं ठेवल्याचा. तांब्याभांडं घेऊन परत आली आणि दिवाणाच्या कडेला बसली. जरा वेळ ते तसंच मांडीवर धरून बसली. मग भांडं सुलटं केलं, पाणी ओतलं, वरून घटाघटा अर्धं स्वतःच प्यायली, आणि उरलेलं माझ्यापुढे केलं.

“तुला हवंय का गं बेबे?”

“ओ,” मी म्हटलं. आणि मग, “दे.”